गस्त हवी, पण भिंत ओलांडून नको : सरकारी पाळत, सुरक्षा आणि आपला खासगीपणा

१७ मार्च २०२५. रमजानचा महिना सुरू होता. संध्याकाळी नागपूरच्या महाल भागात हिंसा उसळली, रात्री ती हंसापुरीपर्यंत पोहोचली आणि शहरातल्या ११ पोलीस ठाण्यांच्या हद्दीत संचारबंदी लागली. त्या यादीत सक्करदऱ्याचंही नाव होतं. तरावीहला मशिदीत जाता येईल का, सहरीसाठी दूध कुठून आणायचं, इफ्तारच्या वेळी बाहेर गेलेला माणूस परत कसा येणार, असे प्रश्न घराघरांत होते. २२ मार्चला सक्करदऱ्यातली संचारबंदी उठली. दुकानं उघडली, ईदची खरेदीही सुरू झाली.

पण एक काळजी संचारबंदीबरोबर उठली नाही. २२ मार्चलाच मुख्यमंत्र्यांनी नागपुरात सांगितलं की, सीसीटीव्ही आणि मोबाइलवरच्या चित्रीकरणातून १०४ जणांची ओळख पटली आहे, ९२ जणांवर कारवाई झाली आहे आणि त्यात १२ अल्पवयीन आहेत. सोशल मीडियावरच्या ६८ पोस्ट शोधून हटवल्याचंही त्यांनी सांगितलं. ज्यानं दगड उचलला, गाडी जाळली, पोलिसांवर हात टाकला, त्याला पकडलंच पाहिजे. त्यात दुमत असण्याचं कारण नाही. मात्र ज्याचा काहीच संबंध नव्हता, त्याच्या आईवडिलांनाही झोप लागत नव्हती. पोरगा नमाजहून परतताना त्या रस्त्यानं गेला असेल तर? कुणीतरी पाठवलेला व्हिडिओ त्याच्या फोनमध्ये पडून असेल तर?

ही भीती कमी करायची तर आधी माहिती हवी. सरकार आपल्यावर कोणकोणत्या मार्गांनी नजर ठेवू शकतं, त्याला कायद्यानं कुठं हद्द घातली आहे आणि त्या हद्दीत आपला हक्क काय, हे आम्ही इथं एकत्र मांडत आहोत. लेख जपून ठेवावा आणि घरातल्या मुलामुलींनाही वाचायला द्यावा.

पाळत कशाकशाला म्हणतात?

आपल्याकडे सगळ्यालाच ‘फोन टॅप होतो’ म्हणायची सवय आहे. प्रत्यक्षात पाळतीचे प्रकार वेगवेगळे आहेत आणि प्रत्येकाचा कायदा वेगळा आहे.

- कॅमेरा : चौकातले, रस्त्यावरचे, टोलनाक्यावरचे आणि खासगी दुकानांचे सीसीटीव्ही. आता त्यांच्या जोडीला चेहरा ओळखणारी संगणक यंत्रणाही आली आहे.
- फोन टॅपिंग : बोलणं ऐकणं किंवा मेसेज वाचणं. यासाठी वरच्या अधिकाऱ्याचा लेखी आदेश लागतो.
- कॉल रेकॉर्ड : पोलिसांच्या भाषेत ‘सीडीआर’. यात बोलणं नसतं. कुणी कुणाला, किती वाजता, किती वेळ आणि कोणत्या टॉवरच्या हद्दीतून फोन केला, एवढी नोंद असते.
- फोनमध्ये घुसखोरी : स्पायवेअर नावाचा प्रोग्रॅम गुपचूप टाकून फोटो, चॅट, माइक, कॅमेरा सगळंच ताब्यात घेणं.
- सोशल मीडियावर नजर : सर्वांना दिसणारी पोस्ट पोलीसही वाचू शकतात. त्यासाठी कुठलीही परवानगी लागत नाही.
- शरीराच्या नोंदी : बोटांचे ठसे, बुबुळ, फोटो.

पोलिसांनी एखादी गोष्ट मागितली, तर ती यांपैकी कशात बसते हे आधी समजून घ्यावं. पुढचा हक्क त्यावरच ठरतो.

सुरक्षेची गरज खोटी नाही

नागपूरकरांना हे समजावून सांगावं लागत नाही. १ जून २००६ ला पहाटे महालातल्या संघ मुख्यालयावर हल्ला करायला आलेले तीन सशस्त्र दहशतवादी पोलिसांच्या गोळीबारात मारले गेले. ते आत शिरले असते, तर रक्त कुणाचं सांडलं असतं आणि त्याची झळ कोणाकोणाला बसली असती, याचा विचार प्रत्येकानं करावा.

अलीकडचं उदाहरण आणखी बोलकं आहे. ऑगस्ट २०२५ मध्ये नागपूर-जबलपूर महामार्गावर देवलापारजवळ ट्रकच्या धडकेत एक महिला ठार झाली. मदतीला कुणी थांबेना, म्हणून नवऱ्यानं तिचा मृतदेह मोटरसायकलला बांधून नेला. ते दृश्य देशभर पाहिलं गेलं. ट्रकचा नंबर माहीत नव्हता, एवढंच ठाऊक होतं की त्यावर लाल खुणा होत्या. नागपूर ग्रामीण पोलिसांनी टोलनाक्यांचं फुटेज एआयच्या मदतीनं तपासलं आणि ३६ तासांत ट्रक शोधून काढला. कॅमेरा नसता, तर त्या गरीब माणसाला न्यायाची वाट कुणी दाखवली असती?

सक्करदऱ्याला लागूनच उमरेड रोडवर ताजबाग आहे. १९०८ मध्ये राजे रघुजीराव भोसले यांनी हजरत बाबा ताजुद्दीन यांना पागलखान्यातून सोडवून सक्करदऱ्याच्या आपल्या वाड्यात आणलं. १९२५ मध्ये बाबांचा विसाल झाला. आजही उर्सला सर्व धर्मांचे लोक लोटतात. एवढ्या गर्दीत हरवलेलं मूल शोधायला, पाकीटमार पकडायला, चेंगराचेंगरी टाळायला कॅमेरे लागतातच. म्हणजे कॅमेरा असावा की नसावा, हा वाद नाही. तो कोणत्या नियमानं चालतो आणि चूक झाली तर जाब कुणाला विचारायचा, हा प्रश्न आहे.

नागपूरवरचे डोळे

सेफ अँड स्मार्ट सिटी प्रकल्पात नागपूरच्या सुमारे ७०० चौकांत साडेतीन हजारांहून जास्त कॅमेरे बसले. त्यातले अनेक वेळोवेळी बंद असल्याच्या बातम्या आपण वाचतोच. २०२४ मध्ये राज्य सरकारनं ‘मार्व्हल’ ही कंपनी स्थापन केली. गुन्ह्यांच्या तपासात एआय वापरण्यासाठी एखाद्या राज्यानं स्वतःची कंपनी काढणं ही नवी गोष्ट होती. तिचं केंद्र नागपुरातच आहे आणि आयआयएम नागपूर तिच्याशी जोडलेलं आहे. वर सांगितलेल्या ट्रकच्या तपासात हीच यंत्रणा कामी आली.

आता दुसरी बाजू पाहू. ट्रक ओळखणं आणि माणूस ओळखणं यात मोठा फरक आहे. चेहरा ओळखणारं यंत्र ‘हाच तो’ असं कधी सांगत नाही. ते ‘इतके टक्के साम्य आहे’ एवढंच सांगतं. किती टक्क्यांना ‘जुळलं’ म्हणायचं, हे माणसंच ठरवतात. २०२२ मध्ये माहिती अधिकारात दिल्ली पोलिसांनी सांगितलं की, ८० टक्क्यांहून जास्त साम्य असलं की ते जुळल्याचं मानतात. यंत्राचं उत्तर ही तपासाची सुरुवात असू शकते, पुरावा नाही. त्या वेळी तो माणूस कुठं होता, सोबत कोण होतं, फोन कुठल्या टॉवरवर होता, हे तपासल्याशिवाय कुणाला आरोपी करणं अन्यायाचं ठरतं.

शिवाय चेहरा ओळखण्याच्या या यंत्रणेसाठी देशात स्वतंत्र कायदाच नाही. मे २०२१ मध्ये लॉकडाऊनच्या काळात हैदराबादेत पोलिसांनी एका सामाजिक कार्यकर्त्याला रस्त्यात अडवलं, मास्क काढायला लावला आणि फोटो घेतला. माझा फोटो कोणत्या कायद्यानं घेतला आणि त्याचं पुढं काय करणार, असं विचारत ते तेलंगणा उच्च न्यायालयात गेले. हा प्रश्न नागपूरच्या चौकातल्या माणसालाही तेवढाच लागू आहे.

कायद्यानं घातलेली हद्द

खासगीपणाचा हक्क आपल्याला एका दिवसात मिळालेला नाही. उत्तर प्रदेशातल्या खरकसिंग यांना दरोड्याच्या गुन्ह्यात पकडलं आणि पुराव्याअभावी सोडून दिलं. तरी पोलिसांनी त्यांच्या नावाची हिस्ट्रीशीट उघडली आणि रात्री-अपरात्री दार ठोठावू लागले. १९६२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं या रात्रीच्या भेटी घटनाबाह्य ठरवल्या. मात्र खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे, हे मान्य करायला त्या वेळच्या बहुमतानं नकार दिला.

ते मान्य व्हायला ५५ वर्षं लागली. २४ ऑगस्ट २०१७ रोजी नऊ न्यायमूर्तींच्या घटनापीठानं पुट्टस्वामी खटल्यात एकमतानं निकाल दिला की, खासगीपणा हा कलम २१ मधल्या जीविताच्या आणि स्वातंत्र्याच्या हक्काचाच भाग आहे. सरकारला त्यात हस्तक्षेप करता येतो, पण काही अटींवर. एक, तसा कायदा हवा. दोन, हेतू योग्य हवा. तीन, उपाय गरजेपुरताच हवा. चार, गैरवापर रोखणारी व्यवस्था हवी. पाळतीचं कुठलंही प्रकरण या चार अटींवर घासून पाहता येतं.

फोन टॅपिंगचे नियम त्याहून जुने आहेत. डिसेंबर १९९६ मध्ये पीयूसीएल संघटनेच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयानं बंधनं घातली आणि २००७ मध्ये ती नियमांत आली. आज २०२३ चा दूरसंचार कायदा आणि डिसेंबर २०२४ चे नियम लागू आहेत. त्यांनुसार आदेश केंद्राचा किंवा राज्याचा गृहसचिव देतो. आदेशाची मुदत ६० दिवस असते. ती वाढवता येते, पण एकूण १८० दिवसांच्या पुढं नाही. तातडीच्या वेळी ठरावीक पोलीस अधिकारी आधी आदेश देऊ शकतो, पण सात कामकाजी दिवसांत वरची मंजुरी मिळाली नाही तर टॅपिंग थांबवावं लागतं. वरून आढावा समिती असते.

हे नियम कागदावरच राहतात असंही नाही. २२ ऑक्टोबर २०१९ ला मुंबई उच्च न्यायालयानं एका व्यावसायिकाच्या फोन टॅपिंगचे तीन आदेश रद्द केले. लाचखोरीचा संशय होता, पण सार्वजनिक आणीबाणी किंवा सार्वजनिक सुरक्षेचा प्रश्न नव्हता. टॅप केलेलं संभाषण नष्ट करायलाही न्यायालयानं सांगितलं.

उणीव मात्र मोठी आहे. आदेश देणारे सरकारी अधिकारी, आढावा घेणारेही सरकारी अधिकारीच. मध्ये न्यायाधीश कुठंच नाही. ज्याचा फोन ऐकला, त्याला नंतरही कळवलं जात नाही. मग तो दाद मागणार कशी? २०२३ च्या वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यातही केंद्र सरकारला देशाची सुरक्षा, सार्वजनिक सुव्यवस्था अशा कारणांसाठी आपल्या यंत्रणांना सूट देण्याचा अधिकार आहे.

फोन नेत्याचा, नाव ‘अमजद खान’

ही उणीव काय करू शकते, याचं उदाहरण महाराष्ट्रातलंच आहे. जुलै २०२१ मध्ये नाना पटोले यांनी विधानसभेत सांगितलं की, २०१६-१७ मध्ये ते खासदार असताना त्यांचा फोन ‘अमजद खान’ या नावानं टॅप झाला. अमली पदार्थांच्या व्यवहाराशी संबंधित माणूस असल्याचं दाखवून परवानगी घेतली गेली, असं ते म्हणाले. बच्चू कडू यांचा नंबर ‘निजामुद्दीन बाबू शेख’ या नावानं असल्याचंही पुढं आलं. दोघेही विदर्भातले नेते. फेब्रुवारी २०२२ मध्ये पुण्यात एका वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्यावर गुन्हा नोंदवला गेला आणि सप्टेंबर २०२३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं तो रद्द केला. त्यामुळे कुणाला दोषी म्हणायचा प्रश्नच उरत नाही.

आमचा मुद्दा वेगळा आहे. कागदावर मुस्लिम नाव आणि अमली पदार्थांचा उल्लेख असला, की पुढचा प्रश्न कुणी विचारतं का? हा नंबर खरंच कुणाचा आहे, एवढी साधी पडताळणी झाली असती, तर हे नाव तिथंच गळून पडलं असतं. पडताळणी नसेल, तर खासदारही सुटत नाही आणि मोहल्ल्यातला खराखुरा अमजद खानही सुटत नाही.

फोन ऐकण्यापलीकडची घुसखोरीही नागपूरनं पाहिली आहे. २०१९ मध्ये व्हॉट्सॲपनं जगभरातल्या ज्या लोकांना पेगासस स्पायवेअरच्या हल्ल्याबद्दल कळवलं, त्यात नागपूरचे वकील निहालसिंग राठोड होते. भीमा कोरेगाव प्रकरणात जून २०१८ मध्ये अटक झालेले नागपूरचे वकील सुरेंद्र गडलिंग यांच्या संगणकात बाहेरून मालवेअर घुसवून फायली टाकल्याचा निष्कर्ष अमेरिकेतल्या आर्सेनल कन्सल्टिंग या संस्थेनं २०२१ मध्ये काढला. तपास यंत्रणांना तो मान्य नाही आणि खटल्यात त्याची परीक्षा अजून व्हायची आहे. पेगाससबाबत सर्वोच्च न्यायालयानं नेमलेल्या समितीनं २९ फोन तपासले. पाच फोनमध्ये मालवेअर सापडलं, पण ते पेगाससच होतं असं ठामपणे सांगता आलं नाही. ऑगस्ट २०२२ मध्ये न्यायालयात हेही नोंदलं गेलं की, केंद्र सरकारनं समितीला सहकार्य केलं नाही.

तीच नोंद निर्दोष माणसाच्या कामी का येत नाही?

खासगीपणाबद्दल बोलताना आपण फक्त ‘आमची माहिती घेऊ नका’ एवढंच म्हणतो. पण माहिती घेतली गेलीच, तर ती आपल्या बचावासाठीही मिळाली पाहिजे, हे विसरतो. मुंबईच्या ११ जुलै २००६ च्या लोकल बॉम्बस्फोटांत १८० हून जास्त माणसं मारली गेली. शिक्षा झालेल्या बाराही जणांना मुंबई उच्च न्यायालयानं २१ जुलै २०२५ ला निर्दोष ठरवलं. त्यांतले दोघे त्या दिवशी नागपूर मध्यवर्ती कारागृहातून बाहेर पडले. १९ वर्षं गेली होती. आम्ही त्या जागी नव्हतोच, आमचे कॉल रेकॉर्ड तपासा, ही त्या आरोपींची जुनी मागणी होती. त्यासाठीही त्यांना न्यायालयात झगडावं लागलं. सरकारी पक्षानं हे रेकॉर्ड पुराव्यात आणलं नाही, याची उच्च न्यायालयानं दखल घेतली. पुढं २४ जुलैला सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की, हा निकाल इतर खटल्यांत दाखला म्हणून वापरू नये. सुटलेल्यांना मात्र परत तुरुंगात पाठवलं नाही.

ज्यांची माणसं त्या लोकलमध्ये गेली, त्यांनाही न्याय मिळालेला नाही. नोंद एकाच बाजूच्या हाती राहिली, की निर्दोष आत राहतो आणि खरा गुन्हेगार बाहेर.

संपूर्ण समाजावर नजर ठेवून सुरक्षा वाढते का, याचं उत्तर न्यूयॉर्कनं दिलं आहे. ११ सप्टेंबर २००१ नंतर तिथल्या पोलिसांनी मशिदी, मुस्लिम हॉटेलं, दुकानं आणि विद्यार्थी संघटना यांवर गुप्तपणे नजर ठेवण्यासाठी खास पथक नेमलं. २०११ मध्ये असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेनं ते उघडकीला आणलं. सहा वर्षांत या पथकाच्या माहितीवरून दहशतवादाचा एकही तपास सुरू झाला नाही, असं पोलिसांच्याच अधिकाऱ्यानं २०१२ मध्ये शपथेवर सांगितलं. २०१४ मध्ये पथक बंद झालं. सगळ्यांवर संशय घेतला, तर नेमका संशयित गर्दीत हरवतो आणि ज्या समाजाकडून वेळेवर खबर मिळायची, तोच समाज पोलिसांशी बोलेनासा होतो.

दीन काय शिकवतो?

सूरह हुजुरातच्या १२ व्या आयतीत वाईट संशय, हेरगिरी आणि पाठीमागची निंदा यांपासून एकत्रच रोखलेलं आहे. सूरह नूरमध्ये दुसऱ्याच्या घरात परवानगी घेऊन आणि सलाम करूनच शिरावं, अशी ताकीद आहे.

हजरत उमर (रजि.) रात्री मदीनेत गस्त घालत, हे आपण लहानपणापासून ऐकतो. उपाशी मुलांची आई त्यांना अशाच गस्तीत भेटली होती. त्यांच्याबद्दलची आणखी एक रिवायत सांगितली जाते. एका घरातून गाण्याबजावण्याचा आवाज आला, म्हणून ते भिंत चढून आत गेले. आतल्या माणसासमोर मद्य होतं. तो म्हणाला, माझा गुन्हा एक, पण आपण तीन केले. आपण टेहळणी केली, दारातून न येता भिंतीवरून आलात आणि परवानगी घेतली नाही, सलाम केला नाही. हजरत उमर (रजि.) यांनी आपली चूक मानली.

गस्तही त्यांचीच आणि भिंतीपाशी थांबणंही त्यांचंच. सुरक्षा आणि खासगीपणा यांचा समतोल यापेक्षा सोप्या शब्दांत सांगता येणार नाही. हीच शिकवण आपल्या घरालाही लागू होते. शेजाऱ्याच्या दारावर कॅमेरा रोखणं, सुनेचा फोन चोरून वाचणं, गल्लीतल्या मुलीचा फोटो ग्रुपवर टाकणं हेही तजस्सुसच आहे. भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ आणि ७८ नुसार स्त्रीचे चोरून फोटो काढणं, तिच्या इंटरनेटवरच्या हालचालींवर पाळत ठेवणं हे गुन्हे आहेत.

रोजच्या कामाची माहिती

रस्त्यात अडवून फोन दाखवायला सांगितला तर? कुठल्याही गुन्ह्याच्या तपासाशी संबंध नसताना वाटसरूच्या फोनमधले चॅट वाचण्याचा सरसकट अधिकार कायद्यात नाही. शांतपणे कारण विचारा, अधिकाऱ्याचं नाव आणि ठाणं लक्षात ठेवा. वाद, धक्काबुक्की करू नका. घाबरून काही डिलीट करू नका, पुरावा नष्ट केल्याचा आरोप येऊ शकतो.

फोन जप्त केला तर? भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ नुसार झडती आणि जप्तीचं व्हिडिओ चित्रीकरण करावं लागतं. जप्त वस्तूंची यादी साक्षीदारांच्या सह्यांनिशी करावी लागते. यादीत फोनचा आयएमईआय नंबर आहे का ते पाहा आणि प्रत मागा. फोनमधल्या डेटाची ‘हॅश व्हॅल्यू’ नोंदवायला सांगा. हा डेटाच्या बोटाच्या ठशासारखा आकडा असतो, नंतर कुणी काही बदललं तर आकडाही बदलतो. साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ मधल्या प्रमाणपत्रात तो द्यावाच लागतो. फोन परत मिळावा म्हणून न्यायदंडाधिकाऱ्याकडे अर्ज करता येतो.

ठाण्यात बोलावलं तर? लेखी नोटीस मागा. साक्षीदार म्हणून चौकशी असेल, तर स्त्रिया, १५ वर्षांखालची मुलं, ६० वर्षांवरचे पुरुष, अपंग आणि गंभीर आजारी यांना ठाण्यात यायची सक्ती करता येत नाही. कलम १७९ नुसार त्यांची विचारपूस घरीच करावी लागते.

ठाण्यात काय घडलं, याचा पुरावा कसा मिळेल? डिसेंबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं प्रत्येक पोलीस ठाण्यात आवाजासह सीसीटीव्ही बसवण्याचा आणि फुटेज १८ महिने, ते शक्य नसेल तर किमान एक वर्ष, ठेवण्याचा आदेश दिला. शिवाय उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं २०२२ मध्ये वर्ध्याच्या एका प्रकरणात सांगितलं की, पोलीस ठाणं हे शासकीय गुपिते कायद्यातलं ‘निषिद्ध ठिकाण’ नाही. तिथं व्हिडिओ काढला म्हणून त्या कायद्याखाली गुन्हा होत नाही.

चौकातलं फुटेज हवं असेल तर? उशीर करू नका. बहुतेक यंत्रणांत जुन्या फुटेजवर काही आठवड्यांत नवं फुटेज चढतं. तारीख, वेळ आणि चौकाचं नाव लिहून ‘फुटेज जतन करावं’ असा अर्ज लगेच द्या आणि पोच घ्या. माणसाच्या जीविताचा किंवा स्वातंत्र्याचा प्रश्न असेल, तर माहिती अधिकारात ४८ तासांत उत्तर द्यावं लागतं.

ठसे आणि फोटो घेतले, पण पुढं निर्दोष सुटलो तर? २०२२ च्या फौजदारी प्रक्रिया (ओळख) कायद्यानुसार या नोंदी ७५ वर्षं ठेवता येतात. मात्र आधी शिक्षा न झालेला माणूस खटल्याविना सुटला, आरोपमुक्त झाला किंवा सर्व अपिलांनंतर निर्दोष ठरला, तर न्यायालयानं कारण नोंदवून वेगळा आदेश दिला नसेल तेव्हा नोंदी नष्ट कराव्या लागतात. आपणहून कुणी करेल याची वाट न पाहता वकिलामार्फत लेखी मागणी करावी.

व्हॉट्सॲप ग्रुपचा ॲडमिन दोषी ठरतो का? नागपूर खंडपीठानं मार्च २०२१ मध्ये गोंदियाच्या प्रकरणात सांगितलं की, सदस्यानं टाकलेल्या मजकुराला ॲडमिन आपोआप जबाबदार ठरत नाही, त्याचा सामाईक हेतू सिद्ध व्हावा लागतो. तरीही तेढ वाढवणारी पोस्ट दिसली की काढून टाका. अफवा पुढं पाठवणारा मात्र स्वतः जबाबदार असतो. मार्चमधल्या त्या रात्री अफवेनं काय केलं, ते आपण पाहिलंच आहे.

मशीद, दर्गा, मदरसा, मोहल्ला कमिटीचे कॅमेरे : कॅमेरे चालू ठेवा, घड्याळाची वेळ बरोबर लावा, ‘इथं कॅमेरा आहे’ अशी पाटी लावा. वुजूखाना आणि स्त्रियांच्या जागेकडे कॅमेरा वळवू नका. पोलिसांनी फुटेज मागितलं तर लेखी पत्र घेऊन द्या आणि एक प्रत स्वतःकडे ठेवा. निर्दोष मुलाची बाजू उद्या याच फुटेजनं मांडता येईल.

वकील परवडत नसेल तर? जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे स्त्रिया, मुलं, कोठडीतली माणसं आणि कमी उत्पन्नाची कुटुंबं यांना मोफत वकील मिळतो. देशभराची हेल्पलाइन १५१०० आहे.

मागायचं ते काय?

कॅमेरे काढा, अशी आमची मागणी नाही. चेहरा ओळखणाऱ्या यंत्रणेसाठी कायदा करा. फोन टॅपिंगच्या आदेशावर न्यायाधीशाची नजर असू द्या. किती आदेश निघाले आणि किती रद्द झाले, याचा आकडा दर वर्षी विधिमंडळात ठेवा. तपास संपला आणि काही निघालं नाही, तर त्या माणसाला कळवा. जी नोंद पोलिसांना आरोपासाठी मिळते, ती आरोपीला बचावासाठीही द्या. यातली एकही गोष्ट फक्त मुसलमानांसाठी नाही. खासदारालाही तिची गरज पडते, हे ‘अमजद खान’ या नावानं दाखवून दिलंय.

सक्करदऱ्यात संचारबंदीच्या रात्री पोलिसांच्या गाड्या फिरत होत्या. गल्लीतून गाडी गेली की कुणाला आधार वाटायचा, कुणाच्या पोटात गोळा यायचा. त्याच गाडीचा आवाज ऐकून प्रत्येक घराला आधारच वाटावा, एवढंच आम्हाला हवं आहे.